तीन काळ, तीन हिशेब

एका लिपिक वाचकाचं पत्र आलं आहे. सोबत मॅटच्या, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, निकालाची आणि कार्यालयाच्या आदेशाची झेरॉक्स आहे. पत्र मोठं आहे, त्यातलं कामापुरतं देते.

‘मॅडम, २००३ साली एका शासकीय कार्यालयात लिपिक म्हणून लागलो. जून २०१४ मध्ये पाठीनं अंथरूण धरायला लावलं. आधी सायटिका म्हणून गोळ्या खाल्ल्या, नंतर मणक्याचा क्षय निघाला. चौदा महिने घरी होतो. पहिला अर्ज टपालानं पाठवला. पुढचे दोन शेजारच्या टेबलावरच्या सहकाऱ्याकडे दिले, ते आवकला पोचलेच नाहीत. ऑगस्ट २०१५ मध्ये फिटनेस घेऊन गेलो, तर हजेरीपटावर सही करू देईनात. म्हणाले, वरून आदेश आल्याशिवाय रुजू करून घेता येत नाही. दोन वर्षं खेटे घातले. जून २०१७ अखेर थेट बडतर्फीचा आदेश हातात पडला. चौकशी एकतर्फी झाली होती. नोटिसा मी २०१३ लाच सोडलेल्या भाड्याच्या घरी जात होत्या. मॅटनं मार्च २०२४ मध्ये आदेश रद्द केला, १ जुलै २०२४ ला रुजू झालो. पगाराबाबत नियमानुसार तीन महिन्यांत निर्णय घ्या असं मॅटनं सांगितलं होतं. कार्यालयानं ऑक्टोबर २०२५ मध्ये निर्णय दिला तो असा, की जून २०१४ ते जून २०२४ हा सगळा काळ “काम नाही तर वेतन नाही” या तत्त्वावर असाधारण, म्हणजे बिनपगारी, रजा. आता म्हणतात, मागील वेतन मागणार नाही असं हमीपत्र द्या, मग वेतननिश्चिती करतो. मधली पाच वर्षं मामेभावाच्या हार्डवेअरच्या दुकानात हिशेब लिहीत होतो, महिना सात हजार. ते सांगायचं की लपवायचं? बायको म्हणते, नोकरी परत मिळाली, आता भांडू नका. काय करू?’

भाऊसाहेब, आधी एक कबुली. मी आस्थापना शाखेत एकतीस वर्षं काढली, त्यामुळे तुमच्या आदेशातलं ‘काम नाही तर वेतन नाही’ हे वाक्य मला ओळखीचं आहे. मी स्वतः ते टिपणीत लिहिलेलं आहे. मूळ टिपणी कोणीतरी कधीतरी केलेली असते. पुढचा प्रत्येक जण ती नस्ती, म्हणजे फाईल, काढतो, नाव आणि तारीख बदलतो आणि साहेबांसमोर ठेवतो. लिहिणाऱ्याच्या मनात कर्मचाऱ्याबद्दल राग असतो असं नाही, त्याला भीती असते ती ऑडिटची. सात वर्षांचा पगार एका बिलात काढला आणि उद्या महालेखापालांच्या पथकानं आक्षेप घेतला, तर खुलासा सही करणाऱ्यालाच द्यावा लागतो. पगार नाकारला म्हणून मात्र आजवर कोणाला खुलासा मागितलेला मी पाहिला नाही. त्यामुळे नाकारणं सुरक्षित वाटतं. तुमच्या आदेशामागे बहुधा एवढंच आहे, डूख धरलाय वगैरे मनात आणू नका.

पण त्या आदेशात एक मोठी चूक आहे, आणि माफ करा, तुमच्या पत्रातही तीच आहे. तुम्हीही लिहिता, ‘माझा दहा वर्षांचा पगार’. दहा वर्षांचा असा एक काळ मुळात नाहीच. जून २०१४ ते ऑगस्ट २०१५ तुम्ही आजारी होतात. ऑगस्ट २०१५ ते जून २०१७ तुम्ही दारात उभे होतात आणि आत घेत नव्हते. जुलै २०१७ ते जून २०२४ तुम्हाला नोकरीतून काढलेलं होतं. हे तीन काळ वेगळे, त्यांचे नियम वेगळे आणि त्यांत मिळणारं फळही वेगळं. कार्यालयानं तिन्ही एका पोत्यात भरून तोंड शिवलं. तुम्हीही तसंच पोतं घेऊन भांडायला गेलात, तर पहिल्या काळातल्या तुमच्या ढिलाईचं ओझं उरलेल्या दोन्ही काळांवर पडेल. समोरचा वकील दिवसभर चौदा महिन्यांबद्दलच बोलेल.

तेव्हा सुटं सुटं बघू.

पहिले चौदा महिने. या काळाचं ‘मागील वेतन’ असं काही तुम्हाला मिळणार नाही, ती आशा सोडा. तुम्ही कामावर नव्हतात आणि तुम्हाला कोणी अडवलंही नव्हतं. इथे मिळू शकते ती रजा, आणि रजेचं वेतन. २०१४ साली तुमच्या खात्यावर अर्जित रजा किती होती, अर्धवेतनी किती होती, हे सेवापुस्तकाच्या रजा लेख्यात असेल. अकरा वर्षांच्या नोकरीत बऱ्यापैकी साठली असणार. वैद्यकीय कारणावर अर्धवेतनी रजेची परिवर्तित रजा करून मागता येते, म्हणजे पूर्ण वेतन मिळतं आणि खात्यातून दुप्पट दिवस वजा होतात. सगळ्या रजा संपल्या की मग उरलेल्या दिवसांना असाधारण रजा. कार्यालयानं उलटं केलं आहे. रजा शिल्लक आहे का हे न बघता पहिल्या दिवसापासून बिनपगारी टाकली.

आणि इथे एक गोष्ट तुमच्याही नजरेतून सुटली आहे. तुमच्या पहिल्या अर्जाची प्रत पाहिली, त्यात फक्त ‘प्रकृती अस्वास्थ्यामुळे’ एवढंच आहे. आपल्याकडे सगळे तसंच लिहितात. पण महाराष्ट्र नागरी सेवा (रजा) नियम, १९८१ मध्ये क्षयरोग, कर्करोग, कुष्ठरोग आणि पक्षाघात यांच्यासाठी रजेची वेगळी तरतूद आहे. तुम्हाला झाला तो मणक्याचा क्षयच होता. फुप्फुसाचा तोच क्षय असं आपण समजतो, आस्थापना शाखेतले बाबूही तसंच समजतात. म्हणून रुग्णालयाचं डिस्चार्ज कार्ड, एमआरआयचा रिपोर्ट आणि औषधोपचाराचा कागद जोडून त्या तरतुदीखाली नव्यानं अर्ज करा. सरकारी दवाखान्यातून डॉट्सची औषधं घेतली असतील, तर तिथल्या नोंदीची साक्षांकित प्रतही मिळवा. रजा हा हक्क नाही, हे तुम्हाला ऐकवतील. बरोबर आहे. पण तरतुदीचा विचारच न करता काळ नियमित करणं हाही कार्यालयाचा हक्क नाही.

असाधारण रजा घ्यावी लागली तरी ती वैद्यकीय प्रमाणपत्रावरची आहे, असं आदेशात स्पष्ट येऊ द्या. या चार शब्दांनी फरक पडतो. नुसती असाधारण रजा असेल तर वेतनवाढीचा आणि निवृत्तिवेतनाचा काळ कापला जातो. प्रमाणपत्रावरची असेल तर तो वाचवता येतो. तुम्ही २००३ चे, म्हणजे १ नोव्हेंबर २००५ च्या आधीचे. जुनी पेन्शन आहे तुम्हाला. त्या पेन्शनमध्ये अर्हताकारी, म्हणजे पेन्शनसाठी धरल्या जाणाऱ्या, सेवेचं एकेक वर्ष मोलाचं आहे.

आता दुसरा काळ. ऑगस्ट २०१५ ते जून २०१७, जवळपास बावीस महिने. तुमच्या पत्रात यावर दोनच ओळी आहेत, आणि मला विचाराल तर तुमची सगळ्यात भक्कम जागा हीच आहे. तुम्ही फिटनेस घेऊन हजर झालात. तुम्हाला काढलेलं नव्हतं, निलंबितही केलेलं नव्हतं. निलंबित केलं असतं तर निर्वाह भत्ता द्यावा लागला असता. ना काम, ना पगार, ना निलंबन, असं अधांतरी कोणाला ठेवता येत नाही. शासकीय कर्मचारी आदेशाची वाट बघत बसला असेल आणि दोष त्याचा नसेल, तर तो काळ सक्तीच्या प्रतीक्षेचा, आणि सक्तीची प्रतीक्षा म्हणजे कर्तव्यकाळ. या बावीस महिन्यांना असाधारण रजा म्हणणं म्हणजे न मागितलेली रजा गळ्यात मारणं आहे. रजा मागायची असते कर्मचाऱ्यानं. त्यानं न मागता त्याच्यावर लादलेली असाधारण रजा टिकणं अवघड आहे.

सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल तुमच्या या काळाला अगदी चपखल बसतो. कृष्णकांत परमार विरुद्ध भारत सरकार, फेब्रुवारी २०१२. परमार गुप्तवार्ता विभागात सुरक्षा सहायक, गुजरातेत पालनपूरला. अनधिकृत गैरहजेरीसाठी नोकरी गेली. त्यांचं म्हणणं, मला हजेरीपटावर सही करू दिली नाही. न्यायालयानं म्हटलं की गैरहजर असणं वेगळं आणि मुद्दाम गैरहजर राहणं वेगळं. आजार, अपघात, रुग्णालय अशा माणसाच्या हातात नसलेल्या कारणानं तो आला नसेल, तर त्याला कर्तव्यात कसूर म्हणता येत नाही. गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे चौकशीत सिद्ध करावं लागतं. परमारांना परत घेतलं आणि मागील वेतन पन्नास टक्के दिलं. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागेल.

पण तुम्ही हजर झालात याचा पुरावा काय? रुजू करून घ्या म्हणून तुम्ही लिहिता, ‘तीनदा अर्ज दिला’. कसा दिला? आवक शिक्का आहे का? निकालात एका रुजू अहवालाचा उल्लेख दिसतो, त्यावर आवक क्रमांक आहे. तो कागद सोन्याचा आहे. दुसऱ्या दोन अर्जांचे रजिस्टर्ड पोस्टाचे पोच असतील तर शोधा. आणि माहिती अधिकारात अर्ज टाकून त्या दोन वर्षांच्या आवक नोंदवहीतल्या तुमच्या नावाच्या नोंदी, टपाल बटवड्याच्या नोंदी आणि तुमच्या नस्तीवरच्या सगळ्या टिपण्या मागा. तीस दिवसांत द्याव्या लागतात. टिपणी मागायला विसरू नका. आदेश गुळगुळीत असतो, खरं काय घडलं ते टिपणीत सापडतं. ‘सदर कर्मचारी आज रोजी कार्यालयात उपस्थित, तथापि...’ अशी एखादी ओळ सापडली, तर वकिलाची अर्धी फी वाचली. म्हणजे गंमत बघा, तुम्ही कार्यालयाच्या दारात उभे आणि ‘ठावठिकाणा लागत नाही’ म्हणून नोटीस जुन्या घराच्या दाराला.

तिसरा काळ, ज्यावर सगळी मारामारी. जुलै २०१७ ते जून २०२४, बरोबर चौऱ्याऐंशी महिने.

बोलताना आपण बडतर्फी म्हणतो. तुमच्या आदेशात ‘सेवेतून काढून टाकणे’ आहे. दोन्हींत फरक आहे. बडतर्फ झालेल्याला पुढे शासकीय नोकरीची दारं सहसा बंद होतात, काढून टाकलेल्याला होत नाहीत. आपल्या हिशेबाला मात्र त्यानं फरक पडत नाही. लागू होणारे नियम एकच, आणि त्यांचं नाव इतकं लांब आहे की ते पूर्ण वाचायच्या आधी लोक फाईल मिटतात: महाराष्ट्र नागरी सेवा (पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने) नियम, १९८१. यातला नियम ७० अपिलात परत आलेल्यांसाठी, ७१ न्यायालयाच्या निकालानं परत आलेल्यांसाठी, ७२ निलंबनासाठी. तुमचा ७१. तुमच्या आदेशात यातला एकही आकडा नाही. नियमानुसार निर्णय घ्या म्हणून न्यायाधिकरणानं सांगितलं आणि निर्णयात नियमच नाही!

नियम ७१ चा गाभा असा. निकाल गुणवत्तेवर लागला असेल, म्हणजे आरोपच टिकला नाही असं म्हटलं असेल, तर पूर्ण वेतन आणि भत्ते, आणि तो सगळा काळ कर्तव्यकाळ. निकाल फक्त प्रक्रियेतल्या चुकीवर, संविधानाच्या अनुच्छेद ३११ मधल्या संरक्षणाचं (आरोप कळवून बाजू मांडायची संधी देण्याचं) पालन झालं नाही एवढ्यावरच लागला असेल आणि दोषमुक्त केलं नसेल, तर पूर्ण नाही, पण सक्षम अधिकारी ठरवील ती रक्कम. मात्र ती ठरवण्याआधी ‘एवढी देणार आहोत, तुमचं काय म्हणणं’ अशी नोटीस द्यायची, तुमचं निवेदन घ्यायचं आणि मग ठरवायचं. रक्कम निर्वाह भत्त्यापेक्षा कमी असता कामा नये. निर्वाह भत्ता म्हणजे साधारण अर्ध्या वेतनाएवढं रजावेतन आणि त्यावरचा महागाई भत्ता.

दोन्ही फाटे नीट वाचा. शून्य कुठेच नाही. तुमच्या कार्यालयानं शून्य दिलं, तेही नोटिशीशिवाय. आदेश पाडायला एवढं पुरे.

तुम्ही कोणत्या फाट्यात, हा खरा वाद होणार. तुमचा निकाल मी दोनदा वाचला. परिच्छेद अकरात नोटीस बजावणीबद्दल आहे, ती झाली नाही, चौकशी सदोष. तो प्रक्रियेचा भाग. कार्यालयाचा वकील तिथेच थांबेल. पण परिच्छेद चौदात न्यायाधिकरण म्हणतं की वैद्यकीय कागद बघितलेच नाहीत आणि गैरहजेरी जाणूनबुजून होती असं रेकॉर्डवरून दिसत नाही. शिवाय नव्यानं चौकशी करायची मुभा दिलेली नाही. नुसत्या तांत्रिक चुकीवर आदेश रद्द होतो, तेव्हा बहुधा पुन्हा चौकशी करायला मोकळीक ठेवतात आणि मागच्या पगाराचं त्या चौकशीच्या निकालावर सोडतात. १९९३ च्या ईसीआयएल विरुद्ध करुणाकर या घटनापीठाच्या निकालापासून ही वहिवाट आहे. तुमच्याकडे तसं केलेलं नाही. त्यामुळे हा निकाल गुणवत्तेवरचाही आहे असा युक्तिवाद भक्कमपणे करता येईल. वकिलाला परिच्छेद चौदावर बोट ठेवून दाखवा.

‘काम नाही तर वेतन नाही’ याचं उत्तरही एका जुन्या निकालात आहे. भारत सरकार विरुद्ध जानकीरामन, १९९१. कर्मचारी काम करायला तयार आहे आणि शासनानंच त्याला त्याचा दोष नसताना दूर ठेवलं आहे, तिथे हे तत्त्व लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं. प्रकरण बढतीचं होतं, पण मुद्दा तोच.

मग पूर्ण पगार मिळेल का? तुमचे दुसरे सल्लागार, म्हणजे संघटनेतले, तुम्हाला दीपाली सुरवसे निकालाची प्रत देतील. दिली असेलही. २०१३ चा हा निकाल आपल्याच महाराष्ट्रातल्या एका शिक्षिकेचा. संस्थेनं त्यांना काढलं, शाळा न्यायाधिकरणानं पूर्ण मागील वेतन दिलं, उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानं ते रद्द केलं आणि सर्वोच्च न्यायालयानं परत दिलं. बेकायदा काढलं असेल तर सलग सेवेसह पुनःस्थापना आणि मागील वेतन हा सर्वसाधारण नियम, असं तिथे म्हटलं आहे. पण संघटनेतले लोक पुढची ओळ वाचत नाहीत. नोकरी किती वर्षं झाली, गैरवर्तन कसलं, मालकाची आर्थिक स्थिती काय, हे बघून न्यायालय कमी-जास्त करू शकतं, हेही त्यातच आहे. आणि २००७ चा जे. के. सिंथेटिक्सचा निकाल कार्यालयाच्या वकिलाच्या हातात असणार. शिक्षा नुसती कमी झाली म्हणून मागचं वेतन आपोआप मिळत नाही, असं तो सांगतो. तुमची शिक्षा कमी झालेली नाही, रद्द झाली आहे. तो निकाल तुम्हाला लागत नाही, हे सांगायला विसरू नका.

माझा अंदाज विचाराल तर तुम्ही पूर्ण मागा, आणि पन्नास टक्क्यांवर तडजोडीचा विचार मनात ठेवा. रजेचे पुढचे दोन अर्ज तुम्ही हातोहात दिलेत, पोच घेतली नाही, चौदा महिने एक रजिस्टर पत्र टाकलं नाही. तुम्ही आजारी होतात हे खरं, पण घरात दुसरं माणूस होतं. न्यायमूर्तींच्या मनात हे येणारच. परमारांना अर्धंच मिळालं होतं, ते म्हणून लक्षात ठेवायला सांगितलं.

आता दुकान. लपवू नका. यात मध्यममार्ग नाही. नियमातच आहे की मधल्या काळात दुसऱ्या नोकरीतून मिळालेली रक्कम देय रकमेतून वजा होईल. दीपाली सुरवसे निकालही सांगतो की आपण नोकरीत नव्हतो, किंवा कमी पगारावर होतो, हे आधी कर्मचाऱ्यानं शपथेवर म्हणायचं, मग ते खोटं आहे हे दाखवायची जबाबदारी मालकाची. तुम्ही खोटं शपथपत्र दिलं आणि मामेभावाच्या खतावणीत तुमची सही निघाली, तर सात हजार तर जातीलच, बाकीचा दावाही डागाळेल. आणि किती जातंय ते तरी बघा. समजा तुमचं एकूण वेतन या काळात सरासरी चाळीस हजार धरलं. चौऱ्याऐंशी महिन्यांचे ३३ लाख ६० हजार. दुकानाचे पाच वर्षांचे ४ लाख २० हजार. वजा जाता २९ लाख ४० हजार उरतात. चार लाखांसाठी एकोणतीस पणाला लावायचे का? चाळीस हजार हा मी उदाहरणाला धरलेला आकडा आहे, तुमचा नेमका सेवार्थवरून, म्हणजे शासनाच्या पगाराच्या संगणक प्रणालीवरून, काढा.

तो नेमका काढताना एक काळजी घ्या. सातवा वेतन आयोग राज्यात १ जानेवारी २०१६ पासून लागू आहे, म्हणजे तुमच्या दुसऱ्या काळातच. दरवर्षीच्या वेतनवाढी लावून २०१६ पासून वेतननिश्चिती झाली पाहिजे, मग त्यावर चौऱ्याऐंशी महिन्यांचा हिशेब. तुमचं कार्यालय जून २०१४ च्या मूळ वेतनावर हिशेब धरतं आहे असं तुमच्या पत्रावरून वाटतं. आश्वासित प्रगती योजनेचा (बढती न मिळालेल्यांना ठरावीक वर्षांनी वरचं वेतन देणारी ती योजना) वीस वर्षांचा लाभही २०२३ मध्ये पडतो. सलग सेवा मॅटनं दिली आहे, मग तो अडवायला कारण हवं ते फक्त असाधारण रजेचं. म्हणजे या एका शब्दानं तुमचं थकलेलं वेतन तर जातंच, पुढच्या दरमहाच्या पगारालाही कात्री लागते. वहिनींना हे सांगा. भांडण नुसतं मागच्या पैशांचं असतं तर त्यांचं म्हणणं मी मान्य केलं असतं.

हमीपत्र देऊ नका. वेतननिश्चिती करणं हे कार्यालयाचं काम आहे, तुमच्यावर उपकार नव्हे, त्याला अट घालता येत नाही. तोंडी मागत असतील तर एक साधं पत्र द्या: ‘दिनांक अमुक रोजी मला असं हमीपत्र देण्यास सांगण्यात आलं. माझे हक्क अबाधित ठेवून वेतननिश्चिती करावी.’ आवक शिक्का घ्या. बहुतेक वेळा यापुढे हमीपत्राचा विषय निघत नाही, कारण तोंडी मागितलेलं कागदावर मागायची कोणाची तयारी नसते.

पुढचं पाऊल. ऑक्टोबरच्या आदेशाविरुद्ध मॅटमध्ये नवा मूळ अर्ज. वकील अवमान अर्ज टाकू म्हणतील, पण माझं मत वेगळं आहे. मॅटनं निर्णय घ्या म्हटलं होतं, कार्यालयानं उशिरा का होईना घेतला. तो चुकीचा आहे म्हणून तो अवमान होत नाही, नवं कारण होतं. अवमानात एक वर्ष जाईल आणि हातात ‘स्वतंत्र अर्ज करा’ एवढंच येईल. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, १९८५ च्या कलम २१ प्रमाणे अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत आहे, तुमची ऑक्टोबर २०२६ ला संपते. त्याआधी नियम ७१ चा उल्लेख करून एक सविस्तर निवेदन जरूर द्या, पण निवेदनावर निवेदन देत वाट बघू नका. १९८९ च्या एस. एस. राठोर निकालापासून स्पष्ट आहे की पुन्हा पुन्हा दिलेल्या निवेदनांनी मुदत वाढत नाही. किती लोकांची प्रकरणं मी अशी ‘साहेब सकारात्मक आहेत’ या वाक्यावर मुदतीबाहेर जाताना पाहिली आहेत. अर्जात तिन्ही काळांसाठी तीन वेगळ्या मागण्या करा, आणि उशिराबद्दल व्याज ही चौथी. मार्च २०२४ च्या निकालापासून १ जुलैपर्यंतचे साडेतीन महिने वेगळे दाखवा. निकाल लागल्यावर रुजू करून घ्यायला लागलेला वेळ तुमच्या खात्यावर कसा टाकणार?

जे वाचक एसटीत, जिल्हा परिषदेत किंवा महापालिकेत आहेत, त्यांनी यातला मॅटचा भाग आपल्याला लावू नये. मॅट राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी. एसटीचे कामगार न्यायालयात जातात, झेडपीच्या कर्मचाऱ्यांचं अपील विभागीय आयुक्तांकडून पुढे उच्च न्यायालयात. तीन काळांची विभागणी मात्र सगळ्यांनाच उपयोगी पडेल.

पैसे आलेच, तर एकदम येतील आणि त्या वर्षीच्या उत्पन्नात धरले जाऊन भरमसाट कर कापला जाईल. मागच्या वर्षांच्या थकबाकीसाठी करात सवलत असते. जुन्या आयकर कायद्यात ती कलम ८९ ची होती आणि त्यासाठी विवरणपत्र भरण्याआधी फॉर्म १०ई ऑनलाइन भरावा लागे. १ एप्रिल २०२६ पासून नवा आयकर कायदा लागू असल्यानं कलमाचे आकडे बदलले आहेत, ते सीएकडून बघून घ्या. वर्षवार फोड मागा डीडीओंकडून, म्हणजे पगाराचं बिल काढणाऱ्या अधिकाऱ्यांकडून, नुसती एकूण रक्कम घेऊन येऊ नका.

राहिला तुमचा शेवटचा प्रश्न, जो तुम्ही पत्राच्या समासात पेन्सिलीनं लिहिला आहे. ज्या सहकाऱ्याकडे दोन अर्ज दिले होते, तो आता पुन्हा शेजारच्याच टेबलावर आहे, त्याचं नाव अर्जात घ्यावं का? नका घेऊ. तो नाही म्हणणार, तुमच्याकडे कागद नाही, आणि नव्या अर्जात त्या दोन अर्जांची गरजही नाही. गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती हे मॅटनं आधीच म्हटलं आहे. ते पुन्हा सिद्ध करायला गेलात तर बंद झालेलं दार स्वतःच उघडाल. रजेचा नवा अर्ज लिहाल तेव्हा मात्र स्वतः आवकला जा, आणि शिक्का बसेपर्यंत तिथून हलू नका.